स्वखुशीचा कागद

काही वर्षांपूर्वी एका स्नेह्याच्या आग्रहावरून आम्ही एका दस्तावर साक्षीदार म्हणून सही केली. स्नेही आमच्याच धर्मग्रामातले, रविवारच्या मिस्सेला पुढच्या बाकावर बसणारे. दस्त हक्कसोडपत्राचा होता. त्यांच्या दोन्ही धाकट्या बहिणी सकाळच्या गाडीने आल्या होत्या. एक पिंपरीहून, दुसरी सोलापूरहून. कचेरीबाहेर दस्तलेखकाच्या टेबलाशी उभे राहून सर्वांनी चहा घेतला. दोघींतील एकीने विचारले, “दादा, ह्यात काय लिहिलंय?” दादा म्हणाले, “काही नाही गं, नेहमीचंच असतं.” तिने सही केली, अंगठा दिला, छायाचित्रासाठी पदर सारखा केला. दुपारी घरी मटणाचे जेवण झाले, दोघींना साड्या मिळाल्या आणि संध्याकाळच्या गाडीने दोघी आपापल्या घरी परतल्या. त्या कागदात लिहिले होते की वडिलांच्या मिळकतीतील आपला हिस्सा त्या स्वखुशीने, अक्कलहुशारीने व कोणाच्याही दडपणाशिवाय भावाच्या लाभात कायमचा सोडून देत आहेत.

आम्ही साक्षीदार होतो. कायद्याच्या दृष्टीने आम्ही सही होताना पाहिली, एवढेच. स्वखुशी पाहिली काय, असे आम्हाला कोणी विचारले नाही, आणि आम्हीही ते स्वतःला विचारले नाही. आज विचारीत आहोत.

आपली कुटुंबे आधुनिक झाली, असे आपण मोठ्या समाधानाने म्हणतो. ते खोटेही नाही. पूर्वी मुलगी झाल्याची बातमी आली की वडीलधाऱ्यांचे तोंड उतरत असे. आता पेढे वाटतात. तिच्या पहिल्या ख्रिस्तशरीर स्वीकाराचा समारंभ मुलाच्या तोडीस तोड होतो. मुलगी परिचारिका होते, शिक्षिका होते, संगणक शिकून हिंजवडीला नोकरी धरते. आखाती देशांतील रुग्णालयांत रात्रपाळ्या करून ती पैसे पाठवते आणि त्या पैशातून गावाकडच्या घरावर स्लॅब पडतो. (घराच्या उताऱ्यावर नाव कोणाचे असते, हे वाचकांना सांगायला नको.) जावई भाजी चिरतो, सुनेला गाडी चालवता येते, सासूबाई नातवंडांशी इंग्रजीत बोलण्याचा प्रयत्न करतात. जे डोळ्यांना दिसते ते सारे बदलले. न बदललेली गोष्ट कपाटातल्या कागदांत आहे, आणि कपाटाची किल्ली अजून मुलाकडे आहे.

आमच्या पाटस-दौंड भागात हा प्रश्न फार जुना नाही, आणि त्याचे कारण स्पष्ट आहे. येथील कॅथलिक घरे थोडी. कोणी रेल्वेच्या नोकरीमुळे दौंडला स्थायिक झालेले, कोणी साखर कारखान्यात, शाळेत, दवाखान्यात चाकरी करणारे. वाडवडिलांची एकरांनी जमीन असलेले घर विरळाच; बहुतेकांकडे दोन-चार गुंठ्यांची जागा, एखादा कोरडवाहू तुकडा किंवा निवृत्तीच्या पैशांतून बांधलेल्या दोन खोल्या. जमीन ज्वारी-बाजरीची होती तोवर बहिणीचे नाव सातबाऱ्यावर असले काय आणि नसले काय, कोणी लक्ष देत नव्हते. पुढे पुणे-सोलापूर महामार्ग रुंद झाला, कुरकुंभला औद्योगिक वसाहत उभी राहिली, रस्त्याकडेच्या शेतांत हॉटेले आणि गोदामे आली. पाटसपासून बारामती, इंदापूरमार्गे तोंडले-बोंडलेपर्यंत सुमारे १३० किलोमीटरचा संत तुकाराम महाराज पालखी मार्ग हाती घेण्यात आला. त्याची पायाभरणी नोव्हेंबर २०२१ मध्ये झाली. जमीन गुंठ्याच्या भावाने बोलू लागली. रस्त्यात जमीन गेली की मोबदल्यासाठी सातबारा पाहिला जातो, गिऱ्हाईक आले तरी तो आधी सातबाराच मागतो. मग बहिणींची आठवण झाली. ती झाली सहीपुरती.

हे सर्वच समाजांत चालते, असे आम्हाला सांगण्यात येईल. चालते. पण आपल्याला ती सबब वापरता येत नाही, कारण आपला कायदाच निराळा आहे आणि तो कालपरवाचा नाही. ब्रिटिश राजवटीत १८६५ साली भारतीय उत्तराधिकार कायदा झाला. त्याची सुधारलेली आवृत्ती १९२५ ची. ख्रिस्ती माणूस मृत्युपत्र न करता वारला तर एक तृतीयांश हिस्सा त्याच्या विधवेचा आणि उरलेला दोन तृतीयांश मुलांचा, सारख्या प्रमाणात. मुलगा आणि मुलगी असा भेद त्यात नाही, विवाहित आणि अविवाहित असाही नाही. आपल्या हिंदू शेजाऱ्यांच्या मुलींना वडिलांच्या स्वतंत्र मिळकतीत समान वाटा मिळण्यासाठी १९५६ साल उजाडावे लागले. एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला जन्मतः हक्क देणारी दुरुस्ती महाराष्ट्राने १९९४ साली केली, केंद्राने २००५ साली, आणि तिचा अर्थ निर्विवाद ठरायला सर्वोच्च न्यायालयाचा २०२० चा निकाल यावा लागला. ज्या गोष्टीसाठी शेजारणींनी इतकी वर्षे वाट पाहिली ती आपल्या आज्यांना कायद्याने आधीच दिली होती. आपण धर्म बदलला, उपासना बदलली, नावे बदलली, कायदाही आपल्याला नवा मिळाला. वाटणीची रीत तेवढी जुनीच ठेवली. सोयीची होती म्हणून.

हा कायदा आपल्या लोकांना मुळीच ठाऊक नाही, असेही नाही. आपले शिकलेले बांधव त्यातील एक गोष्ट नेमकी जाणतात, की मुलीची सही घेतल्याशिवाय भागत नाही. दुसरी मात्र त्यांना ठाऊक नसते. ख्रिस्ती कायद्यात मुलाला किंवा मुलीला बापाच्या हयातीत त्याच्या मिळकतीत कोणताही हक्क नसतो. हक्क जन्मतो तो मृत्यूनंतर. म्हणून बाप जिवंत असताना, लग्नाच्या गडबडीत, मुलीकडून ‘मला यापुढे काही नको’ असे लिहून घेणाऱ्यांनी समजून असावे की पुढे कधीतरी वारसा मिळेल ही नुसती आशा कायद्याने हस्तांतरित करता येत नाही. तसेच मृत्यूनंतर तलाठ्यापुढे तोंडी जबाब देऊनही हक्क सुटत नाही. त्याला नोंदणीकृत दस्त लागतो.

आणखी एक कलम आहे, ज्याचे आम्हाला विशेष कौतुक वाटते. आपल्या घरांत नेहमी ऐकू येणारे वाक्य असे: “तिच्या लग्नात किती खर्च झाला, तोच तिचा वाटा.” १९२५ च्या कायद्याचे ४९ वे कलम जणू हे वाक्य ऐकूनच लिहिलेले आहे. बापाने आपल्या हयातीत एखाद्या अपत्याला जे दिले, किंवा त्याच्यासाठी जे खर्च केले, ते त्याच्या वारशाच्या हिश्श्यातून वळते करता येत नाही, असे ते स्वच्छ सांगते. आणि वळते करायचेच झाले तर हिशेब पुरा मांडावा. मुलाच्या अभियांत्रिकीची फी, त्याच्या नोकरीसाठी कोणाला तरी दिलेले पैसे, त्याची मोटारसायकल, त्याच्याही लग्नातला मंडप, बँड आणि केक, हे सगळे त्या वहीत आले पाहिजे. मुलीच्या लग्नाचा खर्च तेवढा वहीत आणि मुलाचा खर्च मायेत, ही कोणत्या शाळेतली बेरीज?

जमिनीचे तुकडे पडतात, हा दुसरा मुद्दा. चार भाऊ असले की चार तुकडे पडतात, बांधावरून डोकी फुटतात, पण तेव्हा तुकड्यांची चिंता कोणी करीत नाही. बहीण आली की मात्र सर्वांना शेतीशास्त्र आठवते.

तिसरा मुद्दा आम्ही हसण्यावारी नेणार नाही. म्हाताऱ्या आईबापांना मुलगा सांभाळतो, सून त्यांचे अंथरूण धुते. मग मिळकत त्यांचीच असायला नको काय? ज्या घरात हे खरोखर घडते त्या घराविषयी आम्हाला आदर आहे. पण त्यासाठीही उपाय आहे. बापाने उघडपणे, चार माणसांदेखत, मुलींना सांगून मृत्युपत्र करावे, त्यात कारण लिहावे, आणि शक्य तर सुनेचे नाव लिहावे, कारण अंथरूण ती धुते. ख्रिस्ती माणसाला आपली मिळकत मृत्युपत्राने हवी त्याला देता येते. (गोव्यातील बापाला हे इतके सोपे नाही. तेथील पोर्तुगीजकालीन नागरी कायद्याने अर्धी मिळकत अपत्यांसाठी राखून ठेवलेली असते, मुलगी असो वा मुलगा.) बाप हे करीत नाही, कारण त्याला मुलींच्या तोंडावर ते सांगावे लागेल. तो गप्प राहतो, देवाघरी जातो, आणि वाईटपणा न घेता जे साधायचे ते मुलगा हक्कसोडपत्राने साधतो. शिवाय खरेच कोण सांभाळते, हेही एकदा पाहावे. आमच्या ओळखीच्या घरांत शेवटच्या आजारात बापाच्या उशाशी रजा टाकून बसलेल्या मुली आम्ही पाहिल्या आहेत. २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याने आईवडिलांच्या निर्वाहाची जबाबदारी मुलांवर टाकली तेव्हा मुलींनाही त्यातून सोडले नाही. कर्तव्यात समान आणि वाट्यात साडीचोळी, हे गणित आम्हाला उमगत नाही.

आता मूळ मुद्द्याकडे, त्या एका शब्दाकडे येतो. “पण ती स्वखुशीने देते!” देते काय? तिला ठाऊक असते की नाही म्हटले तर माहेर तुटेल. नाताळला बोलावणे येणार नाही. आईच्या वर्षश्राद्धाच्या मिस्सेला ती आली तर भावजय पाणी विचारणार नाही. तिच्या मुलाच्या लग्नात मामा असणार नाही. उद्या नवऱ्याने टाकले किंवा नवरा गेला तर जायला दार राहणार नाही. एका पारड्यात तीन गुंठे आणि दुसऱ्यात सारे माहेर ठेवून तिला विचारायचे की, बाई, तुझी खुशी कशात आहे? ती माहेर निवडते. त्या निवडीला आपण स्वखुशी म्हणतो. बहिणीची माया ही जगातील मोठ्या गोष्टींपैकी एक आहे हे आम्ही जाणतो, आणि म्हणूनच तिच्यावर मुद्रांक चिकटवलेला आम्हाला सोसत नाही.

जी बहीण खरोखर समजून-उमजून आपला वाटा भावाला देते तिच्यापुढे आम्ही हात जोडतो. भाऊ गरीब आहे, ती सुस्थितीत आहे, तिला द्यावेसे वाटते; तिने जरूर द्यावे. पण जे आपले आहे हे आधी मान्य झाले तेच देता येते. आधी तिचे नाव सातबाऱ्यावर लागू द्या, उतारा तिच्या हाती पडू द्या, वर्षभर तो तिच्या पेटीत राहू द्या. त्यानंतर तिने दिले तर ते दान. आजची रीत अशी की तिचे ते आहे हे तिला ज्या दिवशी कळते त्याच दिवशी ते काढून घेतले जाते.

याबाबत आपल्या ख्रिस्तसभेची एक शिकवण आम्हाला फार मोलाची वाटते, आणि ती आपण चुकीच्या ठिकाणी संपवतो. विवाहाच्या होकाराविषयी चर्च किती दक्ष आहे! तीन रविवारी पुकार होते. धर्मगुरू वधूला आणि वराला वेगवेगळे बसवून विचारतात की तुझ्यावर कोणी जबरदस्ती तर केली नाही ना. वेदीपुढे पुन्हा सर्वांसमक्ष तेच विचारले जाते. सक्तीने किंवा गंभीर भीतीपोटी दिलेला होकार हा होकारच नव्हे, असे चर्चच्या कायदासंहितेचे ११०३ वे कलम म्हणते. मग त्याच मुलीचा, त्याच भावांच्या दबावाखाली, कचेरीच्या बाकावर घेतलेला होकार आपल्या सदसद्विवेकाला का टोचत नाही? त्याची पुकार का होत नाही? तेथे तिला बाजूला घेऊन कोण विचारते?

कोणी विचारत नाही, कारण आपल्या प्रवचनांत हा विषय येत नाही. कुटुंबावर प्रवचने आपण भरपूर ऐकली. दूरदर्शनने घरची जपमाळ बुडवली, हे ऐकले; आता मोबाइलने बुडवली, हे ऐकतो. मुलींच्या पोशाखावर ऐकले. बहिणीचा वाटा गिळणे हे पाप आहे आणि ते कबुलीजबाबात सांगितले पाहिजे, असे आम्ही आजवर एकाही व्यासपीठावरून ऐकले नाही. वरच्या पातळीवर विचार झाला नाही असे नव्हे. भारतीय कॅथलिक बिशपांच्या परिषदेने २००८ साली जमशेदपूरच्या महासभेत स्त्रियांच्या सक्षमीकरणाचाच विषय घेतला होता आणि २०१० साली स्त्री-पुरुष समानतेचे धोरणही प्रसिद्ध केले. पण जमशेदपूरहून निघालेला विचार पाटसला पोहोचेपर्यंत वाटेत कोठेतरी उतरला असावा. विवाहपूर्व शिबिरात पती-पत्नींच्या स्वभावांवर, संततीनियमनावर, घरखर्चावर तास असतात. एक तास वारसाहक्कावर ठेवला, एखाद्या वकील बाईंना बोलावून ते ४९ वे कलम मुलामुलींना एकत्र बसवून समजावले, तर फारसा खर्च येणार नाही.

कोणी म्हणेल, हक्काची भाषा कुटुंबात शोभत नाही. केरळमधील मेरी रॉय यांनाही हेच ऐकावे लागले. त्रावणकोरच्या १९१६ च्या ख्रिस्ती वारसा कायद्याने मुलीला मुलाच्या वाट्याच्या चतुर्थांश किंवा पाच हजार रुपये, यांतील जे कमी असेल तेच मिळत असे. वडिलांच्या मिळकतीसाठी त्या सर्वोच्च न्यायालयात गेल्या, आणि २४ फेब्रुवारी १९८६ रोजी न्यायालयाने निर्णय दिला की त्या भागाला १९५१ पासूनच भारतीय उत्तराधिकार कायदा लागू आहे. म्हणजे आमच्या महाराष्ट्रातील ख्रिस्ती मुलीजवळ जो कायदा आधीपासून होता तो मिळवण्यासाठी एका केरळी ख्रिस्ती स्त्रीला दिल्लीपर्यंत जावे लागले, सख्ख्या भावाविरुद्ध उभे राहावे लागले. निकालानंतर तेथील ख्रिस्ती मंडळींतूनच विरोध उठला. १ सप्टेंबर २०२२ रोजी त्या वारल्या तेव्हा वृत्तपत्रांनी त्यांचा गौरव केला. आपल्यापैकी अनेकांनी तो वाचून मान डोलावली असेल. घरातल्या बहिणीने तसे काही केले असते तर मान कोणत्या दिशेला हलली असती, याचा ज्याने त्याने विचार करावा.

इतक्या दूर जायचीही गरज नाही. पाटसहून पुण्याकडच्या गाडीत बसले की कडेठाणनंतर केडगाव येते. पंडिता रमाबाईंचे मुक्तिसदन तेथे आहे. ५ एप्रिल १९२२ रोजी त्यांचे निधनही तेथेच झाले. त्या आपल्या कॅथलिक पंथाच्या नव्हत्या, म्हणून आपल्याकडे त्यांचे नाव जरा हातचे राखून घेतले जाते, ही खेदाची गोष्ट आहे. ज्यांना सासरने हाकलले आणि माहेरने दार उघडले नाही अशा स्त्रियांना त्यांनी आसरा दिला आणि हाताला काम दिले. रमाबाईंनी केलेल्या बायबलच्या मराठी भाषांतराचे खिळे त्याच स्त्रियांनी जुळवले आणि ते छापले. आमच्या शेजारच्या स्थानकावर हा इतिहास घडला, आणि आम्ही दोन स्थानके पलीकडे बहिणींना साड्या वाटतो आहोत.

पवित्र शास्त्राचा आधार मागणाऱ्यांसाठीही थोडे लिहितो. काहींना लूककृत शुभवर्तमानाच्या १२ व्या अध्यायातील प्रसंग फार आवडतो: भावाला वाटणी करायला सांगा, अशी विनंती घेऊन एक मनुष्य प्रभू येशूकडे येतो, आणि आपण वाटणी करणारा नाही असे प्रभू सांगतो व लोभाविषयी सावध करतो. म्हणून वाटा मागणारी बहीण लोभी ठरते! पण आपल्या घरांत ती मागतच नाही, हीच तर आमची तक्रार आहे. ज्याच्या कोठारात धान्य मावत नाही त्या धनिकाचा दाखला प्रभूने लगेच पुढे दिला. तो दाखला वाट्याविना राहिलेल्याला लागू पडतो की सगळे ठेवून घेणाऱ्याला? गणनाच्या २७ व्या अध्यायात सलाफहादाच्या पाच मुली, महला, नोआ, होग्ला, मिल्का आणि तिरसा, मोशे आणि सर्व सरदारांसमोर उभ्या राहून बापाचे वतन मागतात, आणि परमेश्वर सांगतो की त्या बोलतात ते रास्त आहे. त्यांना भाऊ नव्हता, हे खरे. म्हणून ईयोबाच्या पुस्तकाचा शेवटचा अध्यायही वाचावा. त्याच्या तिन्ही मुलींना सात भाऊ होते, आणि बापाने त्यांना भावांबरोबर वतन दिले. सगळे गमावून पुन्हा मिळवलेल्या माणसाला हे सुचले, हे आम्हाला अर्थपूर्ण वाटते.

दुसऱ्यांच्या घराविषयी इतके लिहिल्यावर स्वतःचे दार लावून घेणे बरे नव्हे. आमचे वडील वारले तेव्हा वारसनोंदीचा जबाब आम्हीच दिला. त्यात आईचे आणि आम्हा दोघा भावांचे नाव सांगितले. दोन बहिणींची नावे सांगितली नाहीत. कोणी विचारले नाही, आणि विचारले नाही याचा आम्हाला त्या वेळी आनंदच झाला. बहिणी त्यावर कधी बोलल्या नाहीत. आज आई नाही. मागच्या महिन्यात आम्ही दोन्ही बहिणींची नावे लावण्यासाठी अर्ज दिला. थोरली फोनवर म्हणाली, “कशाला आता? धाकट्याला वाईट वाटेल.” दुसरी बराच वेळ काही बोलली नाही, मग तिने उताऱ्याची एक प्रत पाठवायला सांगितली. फेरफाराची नोटीस लागली आहे, हरकतीची पंधरा दिवसांची मुदत चालू आहे. धाकटे बंधू दोन रविवार मिस्सेनंतर आमच्याशी न बोलता निघून गेले.